ताग्याच्या पोटातली मुलं

युनूसचाचा,

तुमचा जनाजा उठला तेव्हा पडवीत बसलेली माणसं तुम्हाला 'आपल्या गावचा लेखक' म्हणत होती. बायकांच्या खोलीत मला सगळं ऐकू येत होतं. त्यातल्या दोघांनी जेद्द्याला, बलदच्या जुन्या बाजारात, तुमच्या दुकानावरच्या खोलीत तुमच्यासोबत वर्षं काढली होती. तिथं त्यांनी तुमचं नाव काय पाडलं होतं ते मला माहीत आहे. 'यहुदी चाचा'. चहा मागताना म्हणायचे, यहुदी चाचा, साखर कमी टाका. आता म्हणे लेखक. मी उठून बाहेर जाणार होते. मरियमचाचीनं माझं मनगट धरलं. ती रडत नव्हती, नुसती धरून बसली होती, म्हणून मी गप्प राहिले. त्या दिवशी राहिले. आज नाही राहत.

तुम्ही म्हणाला असतात, "नसीम, पहिल्याच परिच्छेदात भांडण नको. माणूस पुढं वाचत नाय." माझं पहिलं छापील पत्रक तुम्ही असंच सोललं होतं. बारा उद्गारचिन्हं होती, तुम्ही एकेक खोडलं आणि म्हणालात, ओरडणाऱ्याचं ऐकू येतं, पण समजत नाय. आज मी आखातातून परत आलेल्या कामगारांसाठी पत्रकं लिहिते, बस स्टँडवर वाटते, लोक ती शेंगदाण्याला वापरतात. पण उद्गारचिन्ह घालत नाही. एवढं तुमचं ऐकलं.

बाकी काही ऐकलं नाही. त्याबद्दलच लिहायला बसले आहे.

जेद्द्याला तुम्ही पडद्याचं कापड विकायचात. माझे अब्बा एसी दुरुस्त करायचे, आणि शुक्रवारी आम्ही सगळे तुमच्या दुकानात येऊन बसायचो, कारण तिथं एसी फुकट आणि चहा तुमचा. नमाजची वेळ झाली की शटर अर्धं खाली. तुम्ही आधी नमाज पढायचात, मग उरलेल्या दहा मिनिटांत काउंटरखालून एक लांबट पुठ्ठा काढायचात. कापडाचा तागा ज्याच्यावर गुंडाळलेला असतो तो पुठ्ठा. ताग्यातलं कापड विकून संपलं की बाकीचे दुकानदार तो बाहेर फेकायचे. तुम्ही ठेवून घ्यायचात आणि निळ्या बॉलपेननं त्यावर मुंगीएवढ्या अक्षरात लिहायचात, दोन्ही बाजूंनी. वर कोपऱ्यात, जिथे कापडवाले किती मीटर ते लिहितात, तिथं तुम्ही मुलाचं नाव लिहायचात. एका पुठ्ठ्यावर एक मूल.

मी आठवीत होते. विचारलं, ही कोणाची पोरं?

तुम्ही सांगितलंत. परदेशी लोकांच्या कंपाउंडमध्ये तुम्ही पडदे लावायला गेला होतात. एका हॉलंडच्या बाईनं जाड पडदा मागितला आणि खिडकीचं माप घेता घेता सांगितलं, की युद्धात तिच्या आजीच्या शेतघरात एका यहुदी मुलीला लपवलं होतं. पडद्यामागच्या कोनाड्यात, दोन वर्षं. जर्मन सैनिक दारात आले की ती मुलगी श्वास रोखायची. तुम्ही शिडीवर होतात. शिडीवरूनच तुम्ही विचारलंत, पडद्याचा रंग कुठला होता? बाईला ते माहीत नव्हतं. तिनं आजीला फोन करून विचारलं. तपकिरी. पुढच्या वेळी तिनं तुम्हाला इंग्रजी पुस्तकं दिली, तुम्ही ती डिक्शनरी मांडीवर घेऊन वाचलीत, आणि मग मराठीत लिहायला लागलात. मुलांसाठी. शेतकऱ्यांनी, नर्सनी, शाळामास्तरांनी लपवलेली मुलं. नाव बदललेली, दुसऱ्यांची प्रार्थना पाठ केलेली, रडायचं नाही असं शिकवलेली. कोपऱ्यात दोन नावं असायची. 'एस्थर, आता एल्स.' 'याकोब, आता यान.'

आपण भांडलो ते पहिल्यांदा मी अकरावीत असताना. मी म्हटलं, चाचा, सगळं जग सोडून यांच्यावरच का? गाझातली पोरं दिसत नाहीत? आपली दिसत नाहीत? तुम्ही तागा गुंडाळत होतात, हात थांबला नाही.

"आपल्या गावात तेलघाणा कोणाचा व्हता?"

शनवार तेल्यांचा, मी म्हटलं. हे सगळ्यांनाच माहीत होतं. शनिवारी घाणा बंद ठेवणारे आपले यहुदी शेजारी, तुमच्या लहानपणी गाव सोडून गेलेले.

"त्यांची मोझेल माझ्यासोबत खाडीत चिंबोऱ्या पकडायची. माझ्या वयाची. ती हॉलंडात जन्मली असती तर? मंग मी कुठल्या पडद्यामागं शोधली असती तिला?" आणि मग म्हणालात, "गाझावर तू लिही. मी अडवतो काय? पोरांच्या दुःखाची रांग लावू नको. तू पुढं, तू मागं."

चाचा, तुम्ही गेलात म्हणून मी मान डोलवणार नाही. तुम्ही तेव्हा उत्तर टाळलंत असं मला अजून वाटतं. रांग मी लावली नव्हती, ती आधीच लागलेली होती. हे भांडण संपलेलं नाही. तुम्ही मधेच उठून गेलात.

दुसरं भांडण मात्र मी हरले. ते कबूल करायला मला चार वर्षं लागली.

तेव्हा एकेक धंदा सौदी लोकांसाठी राखून ठेवायला सुरुवात झाली होती. आधी मोबाइलची दुकानं, मग कपडे, मग घड्याळं. त्यांच्या पोरांना काम हवं, यात गैर काही नाही, हे मी आजही माझ्या पत्रकात लिहिते आणि शिव्या खाते. मला चीड येते ती तुमच्या मालकाची. त्यानं पुतण्याला काउंटरवर नावापुरता बसवला. तो मोबाइलवर गेम खेळायचा आणि दुकान तुम्हीच चालवायचात. गिऱ्हाइकाला काय हवं ते तुम्ही त्याच्या कानात सांगायचात, तो मोठ्यानं बोलायचा. एकतीस वर्षं त्या दुकानात काढलेला माणूस बाहुलीवाल्यासारखा मागे उभा.

त्या दिवशी मी आणि अम्मी तिथं होतो. गल्लीच्या तोंडाला कुणीतरी शीळ घातली. तपासणीवाले, दुकानात परदेशी माणूस काम करताना सापडला की धरणारे. शेजारच्या दुकानातले तिघं मागच्या दारानं पळाले. तुमच्या दुकानाला मागचं दार नव्हतं. पुतण्यानं वरही न बघता बोटानं नमुन्याच्या पडद्यांकडे दाखवलं आणि म्हणाला, यल्ला, चल. तुम्ही गेलात आणि उभे राहिलात, मरून मखमलीच्या मागे. तपासणीवाले आले, बसले, त्यांनी कहवा घेतला. वीस मिनिटं. मला पडद्याखाली तुमच्या चपला दिसत होत्या. अम्मी माझा हात दाबत होती आणि त्या माणसांना उगाच पडद्याचे भाव विचारत होती, तुटक्या अरबीत, त्यांनी तिकडे पाहू नये म्हणून. ते गेल्यावर तुम्ही बाहेर आलात, केसांना धूळ, आणि अम्मीला म्हणालात, "वहिनी, तेवढ्या भावात मी पण देणार नाय हां." सगळे हसले. मी नाही हसले.

मी घरी जाऊन लिहिलं. ते माझं पहिलं पत्रक, तेव्हा नुसतं फोनवर फिरवलेलं. 'बलदच्या पडद्यामागची लपलेली मुलं आम्हीच आहोत.' तुमच्या पुस्तकातल्या मुलांशी तुम्हाला एका ओळीत उभं केलं. मला वाटलं, तुम्ही खूश व्हाल.

तुम्ही तीन शुक्रवार माझ्याशी बोलला नाहीत. चौथ्या शुक्रवारी मला समोर बसवलंत.

"मला धरला असता तर विमानात बसवला असता. घरी धाडला असता, तुझ्या चाचीकडं. त्या पोरांना आगगाडीत बसवायचे. ती गाडी घरी जात नव्हती. हे दोन्ही एका वाक्यात लिहिताना तुझा हात कसा अडला नाय गो?"

मी म्हटलं, अपमान तो अपमान. तुम्ही म्हणालात, अपमान आणि मरण एका तराजूत टाकणारा माणूस दोन्ही स्वस्त करतो. मी म्हटलं, मग तुमच्या अपमानावर लिहिणार कोण? तुम्ही उठून शटर वर केलंत. मी तेवढ्यावर जिंकले असं समजले. लगेच तिथं राहणाऱ्या घरच्या माणसांमागे भरायची सरकारी फी वाढली, अब्बांनी मला आणि अम्मीला गावी पाठवलं, आणि तो विषय तसाच राहिला.

फोनवर तुम्ही सांगायचात, पुस्तक होत आलंय. एकदा एका प्रकाशकाला दोन मुलं उतरवून पाठवलीत. त्याचं उत्तर तुम्ही मला वाचून दाखवलंत. लेखन उत्तम, पण विषय आपला नाही. त्यापेक्षा आखातातल्या कोकणी मुसलमान कामगाराचं जिणं लिहिलंत तर वाचक मिळेल. मी फोनवरच त्याला अशा शिव्या घातल्या की अम्मीनं येऊन दार लावलं. मग आठवलं की मीही तुम्हाला नेमकं हेच सांगत आले होते. खोलीतले लोक म्हणायचे, मुसलमान असून यहुद्यांवर का लिहितोस? हा म्हणाला, मुसलमान आहेस तर मुसलमानावरच लिही. सगळ्यांना तुम्ही तुमच्याच दुकानात बसायला हवे होतात. मलासुद्धा.

मग दुकान बंद झालं. मालकानं दुसरा धंदा धरला, तुमच्या इकाम्यावर, राहण्याच्या परवान्यावर, खुरूजचा म्हणजे कायमचं परत जायचा शिक्का, खलास. शेवटच्या फोनवर तुमचा आवाज खोल गेलेला. किडनीचं तुम्ही कुणालाच सांगितलं नव्हतं. "मी विमानानं येतोय, पुस्तक कार्गोनं येतंय," म्हणालात. कुठं ठेवलंय विचारलं तर हसलात. आल्यावर सांगतो.

आलात, आणि तिसऱ्या आठवड्यात गेलात. डायलिसिसच्या खुर्चीवर तुम्हाला बोलवत नव्हतं आणि मला विचारवत नव्हतं. बोटीचा कार्गो तुमच्यानंतर बारा दिवसांनी आला.

चार खोकी. टेपनं बांधलेली, वर तुमच्या अक्षरात तुमचं नाव. मी पहिली धावले. वह्या शोधल्या. कागद शोधले. अत्तर, खजूर, टॉर्च, चाचीसाठी प्रेशर कुकर, आणि बाकी सगळं कापड. दुकानात उरलेले ताग्यांचे शेवट, पाच पाच, सहा सहा मीटरचे, अठरा. एक चिठोरं नव्हतं. मला तुमचा राग आला. वाटलं, पुस्तक नव्हतंच कधी. पुस्तक ही तुमची परदेशातली फुशारकी होती, कुणाची गाडी असते, कुणाचा बंगला, तशी.

चाची म्हणाली, तो दर खेपेला घराघरात कापड द्यायचा, या खेपेलाही जाऊ दे. आपल्याकडची रीत. आखातातून माणूस आला की साबण, अत्तर, कापड वाटायचं, आणि माणूस आला नाही तरी त्याचा कार्गो आला म्हणजे वाटायचंच, नाहीतर लोक म्हणतील घरच्यांनी दाबून ठेवलं. तिला चालवत नव्हतं. अठरा तागे मी वाटले. या दोन हातांनी. रिक्षात घालून, वाडीवाडीत.

मी. जिनं तुम्हाला पुठ्ठ्यावर लिहिताना तीन वर्षं पाहिलं होतं.

मला वाटायचं तुम्ही नंतर वहीत उतरवता. तुम्ही म्हणायचात, उतरवीन निवांत. निवांत कधी मिळालंच नाही, एवढं साधं मला सुचलं नाही. आणि तुम्हाला कार्गोवाल्यांची भीती होती, खोलीतल्या त्या थट्टेखोरांची होती. कागद दिसला की माणसं विचारतात, कापड दिसलं की विचारत नाहीत. म्हणून एकेक मूल तुम्ही कापडात गुंडाळलंत, घट्ट, दुकानात गुंडाळायचात तसं, आणि टोक पिननं टोचलंत.

आमच्या वाट्याचा तागा अम्मीनं शिंप्याकडे दिला, पुढच्या खोलीच्या पडद्यांसाठी. त्यानं कापड सोडवलं आणि पुठ्ठा परत पाठवला. म्हणे, यावर काहीतरी हिशेब दिसतोय, ठेवा. कोपऱ्यात लिहिलं होतं, 'एस्थर, आता एल्स.'

उभ्या उभ्या वाचलं. ती पडद्यामागची मुलगी. सैनिक स्वयंपाकघरात बसलेत, आजी त्यांना कॉफी देते आहे. आणि तुम्ही लिहिलंय, की पडद्याला आधी धुळीचा वास येतो, मग खळीचा, मग स्वतःच्याच श्वासाचा. लिहिलंय, की गुडघे आधी थरथरत नाहीत, माणसं उठून जायला निघाली की थरथरतात. लिहिलंय, की तिला सगळ्यात जास्त भीती तिच्या बुटांची वाटत होती, पडदा जमिनीला टेकत नव्हता म्हणून.

हे हॉलंडच्या बाईनं तुम्हाला सांगितलेलं नव्हतं, चाचा. ते मरून मखमलीमागचं आहे. त्या दिवसानंतर तुम्ही एस्थर नव्या पुठ्ठ्यावर पुन्हा लिहिलीत, आणि त्यात तुमची वीस मिनिटं लिहिलीत. स्वतःच्या नावावर नाही, तिला देऊन टाकलीत. मी दोघांना एका ओळीत उभं केलं होतं. तुम्ही त्या ओळीतून बाजूला झालात आणि तुमच्याकडे जे होतं ते तिच्या हातात ठेवलंत. माझ्या पत्रकाचं उत्तर मला शिंप्याकडून मिळालं.

त्या दुपारपासून मी दारोदार फिरते आहे.

काय सांगू. एका घरी पुठ्ठा न्हाणीच्या चुलीत गेला होता. कोणाचं नाव होतं? कोण जाणे, बाई म्हणाली, बारीक अक्षर होतं. तो पुठ्ठा जाळणारा तिचा नवरा म्हणजे पडवीत बसून तुम्हाला लेखक म्हणणारा. मी त्याला दारात उभं करून ऐकवलं, पार घाम फुटेपर्यंत. ऐकवून काय, राख बोलत नाही. एका घरी खिडकीच्या फटीत बसवला होता, पावसाच्या झडीनं एक बाजू पुसली गेली. एका ठिकाणी कोंबड्यांच्या खुराड्याला दार केलं होतं, ते मूल मात्र शाबूत आहे, नुसता वास येतो. दोन घरांनी कापड तसंच न सोडवता कपाटात ठेवलंय, लग्नाला काढू म्हणतात. त्यांच्यासमोर मी तागा सोडवला आणि पुन्हा कोऱ्या पुठ्ठ्यावर गुंडाळून दिला. तेरा मिळाले. तीन गेले. एकाचा पत्ता नाही.

अठरावा हलिमाच्या घरी होता. ती मासे विकते, टेकडीखाली राहते, नवरा सौदीत तबूकला बांधकामावर. मी नेहमीसारखीच गेले, म्हणजे तावातावानं. म्हटलं, ताग्यातला पुठ्ठा द्या, तो पुस्तकाचा आहे.

ती म्हणाली, "नाय देत."

पुठ्ठा आतल्या खोलीत भिंतीला लावून ठेवला होता, खाली रुमाल घालून, ओल लागू नये म्हणून. हलिमाला वाचता येतं जेमतेम, पण तिची सात वर्षांची सना शाळेत पहिली येते. सना रोज बाजार उठल्यावर आईला वाचून दाखवते. 'याकोब, आता यान.' ज्याला युद्ध संपल्यावर न्यायला कोणीच आलं नाही, तो. शेतकऱ्याची बायको रोज दुपारी त्याला फाटकाशी उभं राहू द्यायची, मग हाक मारून जेवायला बोलवायची.

मी पत्रकातल्यासारखं बोलले. हे साहित्य आहे, ही सार्वजनिक ठेव आहे, एका घरात राहू शकत नाही. तिनं सगळं ऐकून घेतलं, हातातली कोयती खाली ठेवली.

"तू कोण त्याची?"

चाचा, मी त्यावर काय बोलायचं होतं? पुतणी नाही, मुलगी नाही. जी तुम्हाला सांगत राहिली की हे लिहू नका, ती. जिनं हातानं वाटून टाकलं, ती.

"त्याला न्यायला कोणी आलं नाय असं लिवलंय हितं," हलिमा म्हणाली. "मंग तू कशाला आलीस? माझी पोर त्याच्याबरोबर जेवते."

शेवटी मी पिशवीतून वही काढली आणि विचारलं, उतरवून घेऊ का. ती म्हणाली, घे की, त्याला कुठं ओझं व्हतंय. सनानं पुठ्ठ्याचं एक टोक धरलं, मी दुसरं. ती वाचत होती, मी लिहीत होते. मधे माझी एक ओळ सुटली तर तिनं थांबवलं. पुठ्ठ्याकडे न बघता. तिला सगळं पाठ आहे.

पुस्तक मी काढणार आहे. ज्या छापखान्यात माझी पत्रकं छापतात तिथंच, त्याच स्वस्त कागदावर, कुणाची मेहेरबानी नको. जी गेली त्यांची पानं कोरी ठेवणार, आणि का कोरी आहेत ते खाली लिहिणार, उद्गारचिन्ह न घालता. पडवीतल्या त्या दोघांना प्रत नेऊन देणार आणि त्यांच्याकडून 'यहुदी चाचा' हे नाव मोठ्यानं म्हणवून घेणार. तुम्हाला हे आवडणार नाही. नसू दे.

पण यान हलिमाकडेच राहील. मी निघाले तेव्हा सना पुठ्ठा घेऊन फाटकापर्यंत आली होती, मी हिसकावून तर नेणार नाही ना ते पाहायला. मी लांब जाईपर्यंत ती तिथं उभी होती. मग आतून हलिमानं सनाला हाक मारली, जेवायला या.

या, म्हणाली. ये नाही.